चित्रमहर्षी कै. दादासाहेब फाळके

कल्याण स्टेशन सोडून कर्जतच्या दिशेने निघालेली आगगाडी विठ्ठलवाडी, उल्हासनगर, अंबरनाथ व बदलापूर ही स्टेशने मागे टाकून वांगणीस येते. आपल्यापैकी पुष्कळांच्या नित्य परिचयाचा हा मार्ग आहे. परंतु वांगणीचे नाव ऐकून कोणाच्या मनात काही विशेष विचार येत असेल असे वाटत नाही. तथापि १९१२ साली या लहानशा गावी जो प्रकार घडला, तो आपल्या देशातील चित्रपटाच्या इतिहासात नमूद होऊन राहिला आहे.

एके दिवशी तेथे काही परकी माणसे आली. त्यांच्याजवळ तलवारी होत्या, ढाली होत्या, भाले होते. गावकऱ्यांनी ते पाहिले आणि दरोडेखोर आले अशी त्यांची खात्री झाली. वर्दी पाटलाकडे गेली आणि मंडळी अडकवून ठेवली गेली. आपण चोर नव्हे, राजा हरिश्चंद्राच्या कथेतील पात्रे आहोत आणि आपले मालक यंत्र घेऊन मागाहून येत आहेत, असे त्यांनी परोपरीने सांगितले; पण त्यांच्या सांगण्याने संशय निवळण्याऐवजी वाढलाच असावा. नाटक म्हणजे काय हे खेड्यातही ठाऊक होते. मात्र जेथे रंगभूमी नाही, पडदा नाही, प्रेक्षक नाहीत, तेथे रानात जाऊन नाटक कोणासाठी करावयाचे? अखेरीस मालक येऊन पोहोचले. त्यांनी यंत्र उभे केले, आत फिल्म न घालताच नटांकडून एक प्रवेश करविला, यंत्राचा दांडा फिरवून दाखविला आणि चलच्चित्र कसे घेतात ते सर्वांस समजावून दिले. तेव्हा कोठे मंडळींची सुटका झाली.

हे मालक म्हणजे धुंडिराज गोविंद फाळके. त्या वेळी त्यांचे वय बेचाळीस वर्षांचे होते. हाती घेतलेला चित्रपट अद्याप पुरा व्हावयाचा होता, पदरी कर्ज होते आणि पत्नीचे दागिने गहाण पडलेले होते.

फाळके यांचा जन्म ३० एप्रिल १८७० रोजी नाशिकनजीक त्र्यंबकेश्वर येथे झाला. वडील गोविंद सदाशिव ऊर्फ दाजीशास्त्री हे संस्कृतचे पंडित होते. घरात पोथ्या, पाठ व पूजाअर्चा यांचे वातावरण होते. मुलाने शास्त्री व्हावे अशी अपेक्षा अशा घरात स्वाभाविकच; पण धुंडिराजाचे चित्त चित्रे काढण्यात आणि निरनिराळी सोंगे आणण्यात रमत असे. वडिलांना मुंबईस अध्यापनाचे काम मिळाल्यावर कुटुंब तेथे गेले आणि १८८५ साली धुंडिराजाने सर जमशेटजी जिजीभाई कलाशाळेत नाव घातले.

येथे थोडे विषयांतर करण्याचा मोह आवरत नाही. आपल्या अंबरनाथचे शिवालय सर्वांनी पाहिलेच आहे. त्यातील शिलालेख शके ९८२चा, म्हणजे इ. स. १०६० सालचा आहे आणि ते शिलाहार राजांच्या काळी बांधले गेले. फाळके कलाशाळेत जाण्यापूर्वी सुमारे सतरा वर्षे, १८६८ च्या सुमारास, त्याच शाळेची मंडळी सरकारच्या आज्ञेने अंबरनाथास आली होती. त्यांनी देवळाची रेखाचित्रे काढली, छायाचित्रे घेतली व भिंतींवरील मूर्तींचे साचे उतरवून नेले. ज्या शिल्पांजवळून आपण सहज निघून जातो, त्यांची अशी काळजीपूर्वक नोंद करून ठेवली पाहिजे ही दृष्टी त्या काळी नवी होती. जुन्या वस्तूकडे केवळ भक्तीने अथवा केवळ कुतूहलाने न पाहता तिचे यथातथ्य चित्र टिपून ठेवावयाचे, ही विद्या ज्या शाळेत रुजू लागली होती, तेथे फाळके यांचे पहिले शिक्षण झाले.

पुढे ते वडील बंधूंबरोबर बडोद्यास गेले. तेथील कलाभवनात त्यांनी तैलरंग व जलरंग यांचा अभ्यास केला, मूर्तिकाम व वास्तुकलेचा परिचय करून घेतला आणि १८९० साली छायाचित्रणाचे यंत्र विकत घेतले. कलाभवनाचे प्रमुख प्राध्यापक गज्जर यांचा त्यांच्यावर लोभ होता. त्यांच्याच साहाय्याने फाळके रतलाम येथे तीन रंगांचे ठसे करण्याची व छायाशिळेची कला शिकून आले. १८९२ साली अहमदाबादच्या औद्योगिक प्रदर्शनात त्यांनी आदर्श नाट्यगृहाची प्रतिकृती मांडली, तिला सुवर्णपदक मिळाले. एवढ्यावर समाधान मानील असा हा विद्यार्थी नव्हता. बडोद्यास एक जर्मन जादूगार आला असता त्याच्यापासून हातचलाखीचे प्रयोगही त्यांनी शिकून घेतले, आणि पुढे स्वतःच्या आडनावाची अक्षरे उलटी करून प्रोफेसर केल्फा या नावाने ते जादूचे खेळ करीत.

गोध्रा येथे त्यांनी छायाचित्रांचे दुकान काढले.  यंत्रासमोर बसल्याने अंगातील शक्ती शोषली जाते व माणूस लवकर मरतो, अशी समजूत लोकांत पसरली होती. आज या समजुतीस आपण हसू. परंतु फाळके यांच्या घरावर त्याच सुमारास जे संकट कोसळले, ते पाहता त्या काळच्या लोकांच्या भीतीस हसण्याचे धैर्य होत नाही. १९०० सालच्या प्लेगात त्यांची पत्नी व मूल ही दोन्ही गेली. ते गोध्रा सोडून बडोद्यास परत आले आणि नाटक मंडळ्यांचे पडदे रंगवून चरितार्थ चालवू लागले. १९०२ साली त्यांचा दुसरा विवाह झाला. वधू करंदीकरांच्या घराण्यातील, माहेरचे नाव गिरिजा. सासरी त्या सरस्वतीबाई झाल्या. हे नाव वाचकांनी ध्यानात ठेवावे, कारण पुढील हकीकतीत ते वारंवार येणार आहे आणि चित्रपटाच्या जाहिरातींत मात्र ते कोठेही नव्हते.

१९०३ साली फाळके यांस पुराणवस्तू खात्यात छायाचित्रकार व आरेखक म्हणून नोकरी मिळाली. पगार बरा होता, काम आवडीचे होते. जुनी देवळे, लेणी व भग्न मूर्ती यांची चित्रे घेणे यापरते दुसरे कोणते काम या माणसास रुचले असते? पण १९०५-०६ साली स्वदेशीची लाट उसळली. आपल्या देशाच्या वैभवाची नोंद परक्यांच्या चाकरीत राहून करावयाची, हे त्यांस पटेना. त्यांनी नोकरी सोडली आणि डॉ. रामकृष्णपंत भांडारकर यांच्या भागीदारीत लोणावळ्यास ठसे व छपाई यांचा कारखाना काढला.

हा कारखाना मुख्यतः राजा रविवर्मा यांच्या छापखान्याचे काम करी. रविवर्म्यांनी देवादिकांची जी तैलचित्रे काढली, ती पाहण्याचे भाग्य मूळचे संस्थानिकांच्या महालापुरते. छापखान्याने त्यांच्या हजारो प्रती काढल्या आणि लक्ष्मी, सरस्वती, विश्वामित्र व मेनका ही चाळीतल्या खोलीत व खेड्यातल्या ओटीवर येऊन बसली. आज आपण डोळे मिटून लक्ष्मीचे ध्यान केले तर जी मूर्ती उभी राहते, तिचा पदर बहुधा रविवर्म्यांनी रंगविलेला असतो! एखाद्या समाजाच्या मनातील प्रतिमा यंत्राच्या साहाय्याने घरोघर कशी पोहोचते, हे फाळके यांनी तेथे प्रत्यक्ष पाहिले. चित्रपटाची कल्पना त्यांस पुढे सुचली. पण तिची पूर्वतयारी लोणावळ्याच्या शिळाछापात झाली होती असे मला वाटते.

१९०८ साली कारखाना दादरास आला आणि लक्ष्मी आर्ट प्रिंटिंग वर्क्स या नावाने त्याची भरभराट झाली. १९०९ साली रंगीत छपाईची नवी यंत्रे आणण्यास ते जर्मनीस जाऊन आले. परंतु भागीदारांशी मतभेद झाले आणि स्वभावाप्रमाणे ते एक दिवस सर्व सोडून बाहेर पडले. भागीदाराशी न जुळणे हा त्यांचा दोष जन्मभर टिकला. चरित्र लिहिताना थोरांचे असे दोष झाकण्याची चाल आहे. ती येथे पाळण्याचे कारण दिसत नाही.

आता १९११ सालाकडे येऊ. आपल्या देशात हलती चित्रे त्यापूर्वी पंधरा वर्षे आलेली होती. ७ जुलै १८९६ रोजी मुंबईच्या वॉटसन हॉटेलात ल्यूमिएर बंधूंच्या चित्रांचा पहिला खेळ झाला. तो पाहून हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर ऊर्फ सावेदादा या मराठी छायाचित्रकाराने इंग्लंडाहून यंत्र मागविले आणि १८९९ साली मुंबईच्या हँगिंग गार्डनमध्ये एक कुस्ती चित्रित केली. १९०१ साली रँग्लर परांजपे केंब्रिजहून परत आले, तेव्हा त्यांच्या स्वागताचे दृश्यही सावेदादांनी टिपले. जे घडले ते जसेच्या तसे टिपणाऱ्या अनुबोधपटांची परंपरा आपल्याकडे या मराठी गृहस्थापासून सुरू होते. परंतु फिल्म धुण्यासाठी विलायतेस पाठवावी लागे, आणि एकूण हा धंदा परक्यांच्या हाती होता. चित्रगृहात दिसत ती पॅरिसची, लंडनची व अमेरिकेची माणसे. घरे त्यांची, घोडे त्यांचे, विनोदही त्यांचाच.

अशा वेळी फाळके आपल्या मोठ्या मुलास, भालचंद्रास, घेऊन गिरगावातील अमेरिका-इंडिया पिक्चर पॅलेसमध्ये जनावरांचा एक खेळ पाहून आले. मुलाने घरी येऊन पडद्यावर हालणारी जनावरे पाहिल्याचे सांगितले, ते कोणास खरे वाटेना. म्हणून दुसऱ्या दिवशी सर्व कुटुंब गेले. ते ईस्टरचे दिवस होते आणि त्या दिवशी ख्रिस्तचरित्राचा चित्रपट लागला होता. फ्रान्समध्ये १९०६ साली अॅलिस गी नावाच्या बाईंनी तो तयार केला होता. येशूचा जन्म, त्याचे चमत्कार, त्याचे क्रूसावरील मरण ही दृश्ये एकामागून एक जात होती आणि त्र्यंबकच्या शास्त्र्याचा हा पुत्र ती पाहता पाहता मनाने दुसरीकडेच गेला होता. त्याला गोकुळ दिसत होते, अयोध्या दिसत होती. पश्चिमेकडील लोकांनी आपल्या श्रद्धेची कथा जशी डोळ्यांसमोर उभी केली, तशी आपली कथा आपल्या लोकांपुढे कोण उभी करणार?

हा प्रसंग सांगताना कित्येक लेखक त्यास धर्माधर्मांतील चढाओढीचे रूप देतात. ते मला योग्य वाटत नाही. फाळके यांनी तो चित्रपट आदराने पाहिला आणि त्यापासून ते शिकले. त्यांस लागलेली तळमळ मत्सराची नव्हती. ज्याच्या घरात इतक्या कथा आहेत, त्याने त्या सांगण्यासाठी दुसऱ्याच्या तोंडाकडे का पाहावे, एवढाच तो प्रश्न होता. सरस्वतीबाईंनी अशी चित्रे कशी करतात असे पतीस विचारले, तेव्हा ते सर्व तुला कळेल, कारण आपणच ती करणार आहोत, अशा अर्थाचे उत्तर त्यांस मिळाले. त्या बिचाऱ्या बाईला त्या उत्तराचा पुरता अर्थ कळण्यास फार दिवस लागले नाहीत.

पुढले वर्षभर फाळके यांनी दुसरे काही केले नाही. मिळतील ती चित्रे पाहिली, मिळतील ते फिल्मचे तुकडे जमवले, आणि रात्री मेणबत्तीच्या उजेडात भिंग लावून ते तपासले. झोप जेमतेम तीन-चार तास. शेवटी डोळ्यांनी दगा दिला व त्यांस दिसेनासे झाले. डॉ. प्रभाकर यांनी उपचार केले, एकावर एक चष्मे दिले आणि दृष्टी परत आली. दृष्टी येताच माणूस पुन्हा त्याच कामास लागला! नंतर आयुर्विम्याच्या पॉलिसी गहाण टाकून कर्ज काढले आणि १ फेब्रुवारी १९१२ रोजी विलायतेस प्रयाण केले. लंडनमध्ये ओळख ना देख. बायोस्कोप नावाच्या साप्ताहिकाची पाटी पाहून ते सरळ संपादकास भेटले. संपादकाने प्रथम या धंद्यात न पडण्याचा सल्ला दिला, पण पाहुण्याची चिकाटी पाहून त्यांस वॉल्टन येथे सेसिल हेपवर्थ यांच्या चित्रशाळेत नेले. विल्यमसन कंपनीचे यंत्र, फिल्मला भोके पाडण्याचे यंत्र व कच्ची फिल्म यांची मागणी नोंदवून फाळके १ एप्रिल १९१२ रोजी मुंबईस परतले.

यंत्र आले, पण भांडवल देणार कोण? हलते चित्र घेता येते हे सावकारास पटवावयाचे होते. येथे फाळके यांनी जी युक्ती केली, ती मला त्यांच्या सर्व पौराणिक चित्रपटांहून अधिक मनोहर वाटते. त्यांनी एका कुंडीत वाटाण्याचा दाणा पेरला, कुंडी यंत्रासमोर ठेवली आणि महिनाभर, क्रमाक्रमाने, तिचे एकेक चित्र घेत गेले. कुंडी हलवावयाची नाही, यंत्र हलवावयाचे नाही. घरात लहान मुले असताना एवढा नेम महिनाभर पाळणे म्हणजे काय, हे आईबापांस सांगावयास नको. शेवटी ती चित्रे यंत्रातून सोडली, तेव्हा मिनिटाभरात बी फुटले, अंकुर वर आला, पाने उलगडली आणि वेल होऊन चढू लागली. कोणाही माणसाच्या डोळ्यास जे कधी दिसले नव्हते, ते दिसले. अंकुराची वाढ हे त्या चित्राचे नाव. त्यात राजा नाही, देव नाही, चमत्कार नाही. निसर्गाचे सत्य तेवढे आहे. रसायनशाळेत आमचे विद्यार्थी आज ज्या धीराने निरीक्षणे टिपतात, तोच धीर. हे पाहून स्नेही मंडळींनी हात सैल केले. जे कमी पडले, ते सरस्वतीबाईंनी आपल्या दागिन्यांतून भरून दिले.

राजा हरिश्चंद्र या चित्रपटाची निर्मिती दादरास सुरू झाली. घर हीच चित्रशाळा. तारामतीच्या कामास स्त्री मिळेना. कुलीन स्त्रिया तर राहोच, ज्यांस समाज कुलीन म्हणत नसे त्यांनीही नकार दिला. शेवटी ग्रँट रोडवरील एका उपाहारगृहात अण्णा साळुंके नावाचा सडपातळ, नाजूक हातांचा तरुण फाळके यांच्या नजरेस पडला. तेथे त्यास दहा रुपये मिळत. फाळके यांनी पंधरा देऊ केले, आणि आपल्या पहिल्या चित्रपटास राणी मिळाली. दत्तात्रय दाबके राजा झाले, भालचंद्र रोहिदास झाला, आणि त्र्यंबक तेलंग यांस यंत्र चालविण्यास शिकविले. सरस्वतीबाई दिवसा साठ-सत्तर माणसांचा स्वयंपाक करीत, चित्रीकरणाच्या वेळी ऊन परावर्तित करण्यासाठी पांढऱ्या चादरी धरून तासन् तास उन्हात उभ्या राहत आणि रात्री अंधाऱ्या खोलीत बसून फिल्मला भोके पाडीत, रसायने कालवीत. त्यांस चित्रपटतंत्र जाणणाऱ्या आपल्या देशातील पहिल्या स्त्री म्हटले पाहिजे. तारामतीचे काम त्यांनीच करावे असेही फाळके यांच्या मनात येऊन गेले होते. परंतु मग साठ माणसांना जेवू कोण घालणार, हा प्रश्न त्या बाईने केला, आणि तो बिनतोड होता.

बाहेरील चित्रणासाठी मंडळी वांगणीस आली, ती हकीकत आरंभी सांगितली आहे. बाहेरच्या चित्रणातच आणखी एक प्रसंग घडला. खेळता खेळता भालचंद्र खडकावर पडला, डोक्यास मार लागला व तो बेशुद्ध झाला. मुलास तत्काळ मुंबईस न्यावे असे सर्वांचे म्हणणे पडले. फाळके यांनी जवळच्या औषधांनी उपचार केले; पण मूल निश्चेष्ट पडले आहे असे पाहून मृत रोहिदासाचे दृश्य तेवढ्यात चित्रित करून घेतले. पुन्हा येण्याजाण्याचा खर्च परवडणारा नव्हता. चरित्रकार हा प्रसंग त्यांच्या निष्ठेचे उदाहरण म्हणून सांगतात. निष्ठा खरीच. तथापि हे पृष्ठ वाचणाऱ्या एखाद्या मातेस ती निष्ठा पाहून कौतुकाआधी राग आला, तर तिचा राग अनाठायी आहे असे मी म्हणणार नाही. सत्यासाठी राज्य, पत्नी व पुत्र यांवर पाणी सोडणाऱ्या राजाची कथा जो सांगत होता, त्याच्या स्वतःच्या घरी तीच कथा निराळ्या रूपाने चालली होती.

सहा-सात महिन्यांच्या श्रमानंतर सुमारे ३७०० फूट लांबीचा चार रिळांचा चित्रपट तयार झाला. २१ एप्रिल १९१३ रोजी ऑलिंपिया थिएटरात निवडक लोकांस तो दाखविला आणि ३ मे १९१३ रोजी गिरगावातील कॉरोनेशन चित्रगृहात सर्वांसाठी लावला. तेव्हाच्या रिवाजाप्रमाणे जोडीला नाच व कसरतीची कामेही होती. त्याआधी एक वर्ष, मे १९१२मध्ये, दादासाहेब तोरणे यांचा पुंडलिक हा चित्रपट याच चित्रगृहात लागला होता, त्यामुळे पहिला मान कोणाचा याविषयी अद्याप वाद होतात. पुंडलिक हे रंगभूमीवरील नाटकाचे चित्रण होते व ते परदेशी माणसाच्या हातून झाले; हरिश्चंद्राचे लेखन, चित्रण, धुलाई व जोडणी ही सर्व येथील माणसांनी केली. तोरणे यांच्या धडपडीस कमी न लेखता हा भेद सांगता येतो.

लोकांनी चित्रपट उचलून धरला. बाहेरगावी मात्र प्रथम अडचण पडे. पाच-सहा तास चालणारे नाटक ज्या पैशात मिळते, त्या पैशात तासा-दीड तासाचा खेळ कोण पाहणार? फाळके यांनी मग जाहिरातच अशी काढली की, तीन आण्यांत सत्तावन हजार छायाचित्रे आणि दोन मैल लांबीचे चित्र पाहावयास मिळेल. हिशेबी प्रेक्षकास हे पटले!

त्याच वर्षी ते नाशकास राहावयास गेले. मोहिनी-भस्मासुर या चित्रपटात दुर्गाबाई कामत व त्यांची कन्या कमलाबाई यांनी कामे केली आणि पडद्यावर स्त्रिया आल्या. पाठोपाठ सत्यवान-सावित्री आला. १९१४ साली हे तीन चित्रपट घेऊन ते पुन्हा लंडनास गेले. तेथे त्यांच्या कामाची वाहवा झाली व तेथेच राहून चित्रपट काढण्याविषयी बोलणेही झाले. त्यांनी ते नाकारले. आपली चित्रे आपल्या भूमीवरच निघाली पाहिजेत, हा त्यांचा आग्रह होता. इतक्यात महायुद्ध सुरू झाले, भांडवल आटले आणि पुढील दोन-तीन वर्षे फार ओढीची गेली.

या ओढीच्या काळात त्यांनी लहान लहान चित्रपट केले, त्यांची आठवण आज थोड्यांस आहे. गोदावरीचे देखावे त्यांनी चित्रित केले. जिच्या उगमापाशी ते जन्मले तीच ही नदी. तळेगावच्या काच कारखान्याचे चित्र त्यांनी घेतले. घरोघर पैसा पैसा गोळा करून उभारलेल्या पैसा फंडाचा तो कारखाना होता, हे ध्यानात घेतले म्हणजे फाळके यांचे यंत्र त्या दिशेस का वळले ते कळते. आगकाड्यांना यंत्रापुढे नाचवून त्यांनी मौजेचे चित्र काढले. आणि चित्रपट कसे तयार करतात या नावाचा एक चित्रपट काढून आपली सर्व विद्या लोकांपुढे उघडी केली. कसबी माणूस आपली गुपिते मुठीत ठेवतो. जादूगार तर विशेषच. या जादूगाराने मात्र पडद्यामागची सर्व किमया स्वतःच दाखवून टाकली.

१९१७ साली लंकादहन आला आणि फाळके यांचे दिवस पालटले. त्यात अण्णा साळुंके यांनी राम व सीता ही दोन्ही कामे केली होती. पडद्यावर राम दिसताच लोक हात जोडीत, आणि मद्रासेकडे तिकिटांच्या पैशांची पोती बैलगाडीत घालून न्यावी लागली असे सांगतात. १९१८ साली पाच भागीदारांसह हिंदुस्थान सिनेमा फिल्म्स कंपनी स्थापन झाली. श्रीकृष्णजन्म व कालियामर्दन हे चित्रपट निघाले. दोहोंतही बाळकृष्ण झाली ती त्यांची कन्या मंदाकिनी. कालियामर्दनाच्या आरंभी या सात वर्षांच्या मुलीचा चेहरा एकट्याने पडद्यावर येतो व क्रमाने हर्ष, राग, भय असे भाव दाखवितो. मग ती कृष्णाच्या वेषात दिसते. आधी खरी मुलगी पाहा, मग देव पाहा, असे जणू बापाने प्रेक्षकांस सांगितले. असे करण्याचे धैर्य आजच्या काळातही थोड्यांस होईल.

पुढे भागीदारांशी पुन्हा बिनसले. खर्च आटोपता ठेवा असे त्यांचे म्हणणे, आणि एकदा मनात आलेले दृश्य हवे तसे मिळेपर्यंत न थांबणे हा फाळके यांचा स्वभाव. ते रागावून काशीस गेले, तेथे रंगभूमी नावाचे नाटक लिहिले, ते रंगभूमीवर आणून पाहिले, ते फारसे चालले नाही, आणि १९२२ साली ते परत कंपनीत आले. परंतु काळ पुढे गेला होता. बोलपट आल्यावर मूकपटाचे राज्य संपले. त्यांचा सेतुबंधन हा चित्रपट मूक म्हणून तयार झाला व मागाहून त्यात आवाज भरावा लागला. कोल्हापूरच्या महाराजांच्या आश्रयाने त्यांनी गंगावतरण हा बोलपट काढला, तो १९३७ साली लागला. तो त्यांचा अखेरचा चित्रपट. १९३९ साली मुंबईत भारतीय चित्रपटाचा रौप्यमहोत्सव झाला, तेव्हा व्ही. शांताराम यांनी पुढाकार घेऊन त्यांच्यासाठी निधी जमविला, आणि त्यातून नाशकास राहण्यापुरते घर झाले.

तेथे ते स्वस्थ बसले होते असे मात्र नव्हे. दुसऱ्या महायुद्धाच्या काळी चित्रपट काढण्यास सरकारचा परवाना लागे. चौऱ्याहत्तरीला आलेल्या फाळके यांनी १९४४ च्या आरंभी परवान्यासाठी अर्ज केला. नकाराचे पत्र १४ फेब्रुवारीस आले आणि १६ फेब्रुवारी १९४४ रोजी नाशिक येथे त्यांचा अंत झाला. एका पिढीने ज्यांच्या चित्रांपुढे हात जोडले, त्यांच्या जाण्याची फारशी वार्ताही झाली नाही. त्यांच्या नावाचा सरकारी पुरस्कार १९६९ साली सुरू झाला आणि १९७१ साली त्यांच्या चित्राचे टपाल तिकीट निघाले. सरस्वतीबाईंचे नाव कोणत्याही तिकिटावर नाही.

त्यांनी काढलेल्या शंभरांच्या आसपास चित्रपटांपैकी फारच थोडे उरले आहेत. त्या काळची फिल्म ज्वालाग्राही असे. काही जळाली, काही कुजली. वाटाण्याच्या वेलीचे ते चित्र आज पाहावयास मिळत नाही. हरिश्चंद्राच्या चार रिळांपैकी पहिले व शेवटचे अशी दोन पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाने जतन केली आहेत, आणि तीही १९१३ सालची की फाळके यांनी १९१७ साली पुन्हा काढलेल्या चित्रपटाची याविषयी जाणकारांत मतभेद आहे. संग्रहालयात चित्रपट कसे तयार करतात याचेही काही तुकडे आहेत. त्यात खुद्द फाळके दिसतात. ते नटांस काम समजावून देतात, मग एके ठिकाणी बसतात आणि हातातली फिल्म उजेडाकडे धरून, डोळे बारीक करून, एकेक चित्र तपासू लागतात.